उजवा डोळा, डावा डोळा

३ मार्च

दिग्दर्शकांनी आज माझी माझ्याशीच ओळख करून दिली! “या आपल्या सिनेमॅटोग्राफर. आणि या एडिटर.” नमस्कार कुणी कुणाला करायचा, कळेना. अख्ख्या फिल्मला माणसं चार — ते, नायिका, मी आणि थर्माकोलचा पांढरा तक्ता धरून तिच्या चेहऱ्यावर उजेड पाडायला माझे बाबा.

नियम एकच. शूटिंगमधलं एडिटरला काही कळता कामा नये. “कुणाचा किती घाम गेला हे कळलं, की कात्री थरथरते.” म्हणून शूटिंग उजव्या डोळ्यानं करायचं, डावा एडिटिंगसाठी कोरा ठेवायचा. मला पटलं. कलेत शिस्त हवीच.

९ मार्च

जिन्याचा शॉट. नायिका चार मजले चढते, सलग पाच मिनिटं. तिच्या पुढे मी कॅमेरा घेऊन उलटी चढतेय, शेजारी बाबा तक्ता घेऊन. तेवीस टेक! तेविसाव्याला नायिका खरंच रडली. (पाय दुखत होते.) दिग्दर्शकांनी टाळ्या वाजवल्या.

पण त्याच टेकमध्ये तिसऱ्या मजल्यावर फ्रेमच्या कडेला बाबांचं कोपर आलं. मला दिसलं. तक्ता धरून त्यांचे हात भरून आले होते — आणखी एक टेक कुठल्या तोंडानं मागू?

१० मार्च

बाबा सगळ्या शेजाऱ्यांना सांगत सुटलेत — “तेविसावा टेक बघाच!”

२ एप्रिल

एडिटिंग सुरू. उजव्या डोळ्यावर पट्टी. आई म्हणाली, “घरातली पहिली पदवीधर, आणि हे काय सोंग!”

कोपर लगेच दिसलं. असा संताप आला! कॅमेरावाली झोपली होती की काय?

दिग्दर्शक हळूच विचारतात, “ती एडिटर माझ्याबद्दल काही बोलते का गं?” मी नियमाप्रमाणे “मला माहीत नाही” म्हणाले.

५ एप्रिल

कोपर ठेवलं तर चूक जन्मभर पडद्यावर. टेक काढला तर बाबांना काय सांगू? दोघींची बैठक घेतली. कॅमेरावाली रडली. एडिटर हटेना.

अकरावा टेक घेतला. नायिका रडत नाही, पण फ्रेम स्वच्छ. चोख काम झालं.

६ एप्रिल

दिग्दर्शक म्हणाले, “निर्दोष!” प्रत चित्रपट महोत्सवाकडे रवाना.

७ एप्रिल

बाबांना सांगून टाकलं — तुमचं कोपर आलं म्हणून तेविसावा गेला, अकरावा घेतला. वाटलं, तोंड एवढंसं होईल. तर हसायलाच लागले!

“अगं, मुद्दामच घातलं होतं. म्हटलं, पोरीच्या सिनेमात आपलंही काहीतरी असावं. तेवीसही वेळा घातलं की! तुला एकदाच दिसलं होय?”

अकरावा लावून पाहिला. दुसरा मजला, कठड्यापाशी.

आहे!