पुसायची टेप

प्रिय डीलिया,

तुझं येत्या शनिवारचं भाषण मिळालं. दोनदा वाचलं, मग बाहेर ओट्यावर जाऊन बसले. इथे सेमाफोरच्या किनाऱ्यावर नुसती काहिली चालली आहे, समुद्रावरचा वाराही पडलाय. "जॉयस मावशीने माझी आई जपून ठेवली" हे वाक्य तू अगदी शेवटी ठेवलंयस. लोक उठून टाळ्या वाजवतील आणि तू माझ्या हातात ते मानचिन्ह देशील. चाळीस वर्षं गाण्यांचे कार्यक्रम आणि चित्रपट काढले, दोनशेवर गायक पडद्यावर आणले, म्हणून हा सत्कार. सगळं खरं आहे. तुझं ते वाक्य मात्र खरं नाही.

तुझी आई आणि मी पोर्ट पिरीच्या चर्चच्या हॉलमध्ये जोडीने गायचो. नोरीनने तोंड उघडलं की मागच्या बाकावरचे म्हातारेसुद्धा जागे व्हायचे. माझा आवाज तिसऱ्या बाकापर्यंत पोचला तर नशीब. म्हणून मी ॲडलेडला येऊन टीव्ही स्टेशनात टायपिस्ट झाले. "बाईने चहा आणावा, कार्यक्रम कसले काढतेस?" असं साहेब तोंडावर म्हणायचे. मी चहाही आणला आणि सहा वर्षांत निर्मातीही झाले. त्र्याहत्तरच्या नोव्हेंबरात हट्टाने नोरीनचा कार्यक्रम लावला. तू आठ महिन्यांची होतीस, मेकअपवाल्या बाईच्या कडेवर. वेळ संपत आली आणि तिचं शेवटचं गाणं मी कंट्रोल रूममधून अर्ध्यावर थांबवलं. दुसऱ्या दिवशी कँटीनमध्ये सगळ्यांसमोर ती म्हणाली, "आमच्या जॉयला सूर लावता येत नाहीत ना, म्हणून ती कापते." सगळे हसले. मीही हसले, पण ते माझ्या जिव्हारी लागलं.

तेव्हा टेपा महाग. कार्यक्रम एकदा दाखवून झाला की त्याच टेपवर दुसरा भरायचा, म्हणजे जुना पुसला जायचा, हा रिवाजच होता. डब्यावरच्या चिठ्ठीवर 'पुसायची' असं लिहून निर्मात्याने सही केली की झालं. पुढच्या मार्चमध्ये मला माझा पहिला मोठा कार्यक्रम मिळाला, त्याला टेप हवी होती. भांडारातल्या रेजने तीन डबे पुढे ठेवले. "बोल बाई, कुणाचा बळी देऊ?" एकात घोड्यांच्या शर्यती होत्या, एकात पाककृती, एकात नोरीन. मी नोरीनवर सही केली. मनाला सांगितलं, ती काय, पुढच्या वर्षी पुन्हा गाईल. खरं कारण कँटीनमधलं हसू होतं. जुलैत पोर्ट ऑगस्टाच्या रस्त्यावर तिची गाडी उलटली आणि ती गेली. दुसरीकडे कुठेही तिचं चित्रीकरण झालेलं नव्हतं.

आईची टेप कुठे गेली, हे तू दहा वर्षांची असताना विचारलंस, वीस वर्षांची असताना विचारलंस, लग्नाच्या आदल्या दिवशीही विचारलंस. दर वेळी मी एकच सांगितलं, स्टेशनची जागा बदलली तेव्हा टेप हरवली. त्या सामान हलवणाऱ्या बिचाऱ्यांना तू किती शिव्या घातल्यास! त्या सगळ्या माझ्या वाट्याच्या होत्या.

बारा वर्षांपूर्वी स्टेशनने जुने डबे काढून टाकले, तेव्हा माझा तो पहिला मोठा कार्यक्रम डब्यासकट मला घरी आणून दिला, बघायला एक प्रतही काढून दिली. ती मी लावली. शेवटची नावं वर सरकली, पडदा काळा झाला, आणि मी उठणार तोच चित्र हललं. माझा कार्यक्रम तुझ्या आईच्या कार्यक्रमापेक्षा थोडा आखूड होता, त्यामुळे तिचं शेपूट पुसायचं राहून गेलं होतं. बेचाळीस सेकंद. ती गातेय, मी थांबवते, ती थांबते, पण टेप फिरतच राहते. मग तुला कडेवर घेते. तू माईक धरून तोंडात घालतेस. ती वर कंट्रोल रूमच्या काचेकडे, माझ्याकडे बघून हसते आणि म्हणते, "जॉय, मला कापलंस ते कापलंस, हिला तरी कापू नकोस गं." तुझी आई बोलताना, हलताना दिसेल असं जगात एवढंच उरलंय. आणि तेसुद्धा मी बारा वर्षं कपाटात दडवून ठेवलं. कारण तुला ते दाखवायचं तर आधी त्या टेपवर वरून काय भरलंय, निर्माती म्हणून कुणाचं नाव आहे, हे सांगावं लागलं असतं.

सोबत त्याची प्रत पाठवतेय. सुरुवातीचा माझा कार्यक्रम मी मुद्दामच काढलेला नाही, सगळं बघ. त्या डब्यावरची चिठ्ठीही पाकिटात आहे, सही ओळखशील. शनिवारी यायचं की नाही, ते तू ठरव. आलीस आणि स्टेजवरून हे सगळं जसंच्या तसं सांगितलंस, तरी या वेळी मी तुला मध्येच थांबवणार नाही.

तुझी म्हणवून घ्यायची अजूनही आस असलेली,
जॉयस मावशी