कोरडं बेलपान

नागपूर, ४ फेब्रुवारी २०२५

ती. सौ. आईस,
स्वप्नालीचा सा. न. वि. वि.

फोनवर तू एकच वाक्य बोलतेस, बरी आहे. म्हणून पत्राचा हट्ट धरला. दर सोमवारी शिवमंदिराच्या पायऱ्या उतरून गाभाऱ्यात जातेस आणि पिंडीवरचं बेलपान मला पाकिटातून पाठवतेस. आधीच्या पानांवर चंदनाचे डाग असायचे. शेवटची तीन पानं स्वच्छ आणि कोरडी आहेत, टोपलीतून उचलल्यासारखी. तू खाली उतरतेस का?

दुसरं, दाढ काढली तरी जबडा दुखतो, असं एकदा ओघात म्हणालीस. नेमका कधी दुखतो?

लोभ आहेच, खरेपणाही असू दे.
स्वप्नाली

अंबरनाथ, १० फेब्रुवारी

चि. स्वप्नालीस,
अनेक आशीर्वाद.

बाई गं, तू हृदयाच्या मशिनी दुरुस्त करतेस की पोलिसात लागलीस? पाकीट चिकट होतं म्हणून पान धुऊन घालते, एवढंच. पाळी गेली, बाहेर बसणं संपलं, आता एकही सोमवार चुकत नाही. अंगातून वाफा निघतात, घाम फुटतो, धाप लागते. पण कारखान्यात जीन्सचे धागे कापणाऱ्या आम्ही सगळ्या याच वयाच्या, सगळ्यांचं हेच. एका पंख्याखाली बसायला रोज भांडणं. कार्डिओग्रामही काढला, चांगला आला. जबडा दाढेचाच. शिवरात्रीला तुझ्या नावाने अभिषेक करणार आहे, त्यात मोडता घालू नकोस.

लोभ असावा, संशय नसावा.
तुझी आई

नागपूर, १३ फेब्रुवारी

ती. सौ. सुनेत्रामावशीस,
सा. न. वि. वि.

आई म्हणते, पान धुऊन पाठवते. ओलं पान बंद पाकिटात काळं पडतं. माझ्याकडे आलेली हिरवी आहेत.

वाफा आणि घाम पाळी गेल्यामुळे येतात, हे मान्य. पण त्याच वयात हृदयाचं एक संरक्षणही जातं. इस्ट्रोजेन घटतं, कोलेस्टेरॉल चढतं, रक्तवाहिन्या ताठ होतात. आणि बायकांचं हृदय दर वेळी छातीतच दुखत नाही. कधी जबडा दुखतो, कधी पाठ, कधी नुसती धाप लागते. कार्डिओग्राम आडवं झोपवून काढतात. चढताना हृदयाचं काय होतं, ते त्यात दिसेलच असं नाही.

सोमवारी बदलापूरहून ये आणि तिच्यासोबत देवळात जा. विचारू नकोस, फक्त बघ. हे तिला सांगणार नाहीस, असं धरून चालते.

तुझी,
स्वप्नाली

बदलापूर, १७ फेब्रुवारी

चि. स्वप्नालीस,
आशीर्वाद.

सख्ख्या बहिणीवर पाळत ठेवायला लावलीस, कार्टे! ताई पायऱ्यांच्या वरच थांबली. गर्दी आहे म्हणाली आणि पूजेचं ताट माझ्या हातात दिलं. गर्दी कसली, मी आणि एक आजोबा. वर आले तर ही बाहेर टोपलीवालीकडून तुझ्यासाठी पान निवडत होती. परतताना रस्त्याच्या चढावर दोनदा थांबली. चप्पल नीट करते म्हणाली, पण हात जबड्यावर होता.

शिवरात्रीच्या रेट्यात ती खाली गेली, तर मध्येच मागे फिरता येणार नाही. त्याआधी ये. फोनवर हे बोलले असते तर घरभर झालं असतं.

मावशीवर माया आहे ना, ती राहू दे.
सुनेत्रामावशी

अंबरनाथ, १४ एप्रिल

चि. स्वप्नालीस,
अनेक आशीर्वाद.

न सांगता आलीस आणि थेट दवाखान्यात नेऊन पळत्या पट्ट्यावर चालवलंस. तुझ्या त्या मशिनीने माझी चुगली केली. शिवरात्र स्टेंट घालून दवाखान्याच्या खाटेवर गेली. सुनेत्राशी अजून नीट बोलत नाही, पण तिचे डिंकाचे लाडू संपवले.

डॉक्टरांनी परवानगी दिली, आज उतरले. वर येताना पायात चप्पल नव्हती, त्यामुळे थांबायला निमित्तही नव्हतं. निमित्त लागलंही नाही. वर येऊन मात्र रडले, ते तुला सांगायचं नव्हतं.

कारखान्यात माझ्या शेजारी अंजनी बसते. जिना चढला की तिची पाठ भरून येते. पाळी जाताना असंच होतं म्हणून हसते. मीही अशीच हसायचे. गुरुवारी तिला दवाखान्यात नेतेय. दळण आहे म्हणाली, तर दळणाचा डबा मीच उचलून आणला.

पान पिंडीवरचं आहे, ओलं आहे. पोचेपर्यंत काळं पडेल, पडू दे.

लोभ असावा, संशयही असावा.
तुझी आई