पाहुण्यामागून जेवणारी माणसं

कोसमटोला, जिल्हा चांदा
१२ सप्टेंबर १९५७

चि. गुणवंत यास ताईचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र आणि इथल्या आदिवासींवरचा छापून आलेला लेख, दोन्ही पोचली. मी बरी आहे. शाळेचं छप्पर गळतं, पोरं एका कोरड्या कोपऱ्यात दाटीनं बसतात आणि ओरडून शिकवताना माझा घसा बसलाय. मूल गावाहून आईनं लिहवून घेतलेलं पत्र आलं. तुझा लेख तिनं देवापाशी ठेवलाय म्हणे. वाचता येत नाही, तरी ठेवलाय.

मी वाचला. भाषा नेहमीसारखी झोकदार. पण एक वाक्य काही केल्या घशाखाली उतरेना. ‘या वंशाची भूकच मुळात कमी; दिवसातून एकदा थोडं खाऊन ही माणसं समाधानी असतात.’ अरे, हे तुला कुणी सांगितलं?

मागच्या पावसाळ्यात तू मंगरूच्या घरी उतरला होतास. तू जेवायला बसलास की त्याची बायको सोमारी दाराशी बसायची. तू विचारायचास, “तुम्ही नाही जेवत?” ती म्हणायची, “आमचं झालं, भाऊ. तुमी जेवा.” तू ते खरं धरलंस. इथं पाहुण्याला घरातली भूक दिसू देत नाहीत, बाबा! तू हात धुऊन बाहेर पडलास की मडक्यातली उरलेली पेज घरातली सगळी माणसं वाटून पीत. मी शेजारी राहते, मला दिसायचं. तुझ्या कानावर घालायला निघाले तर सोमारीनं माझा हात धरला. “नको सांगू, बाई. पावना उपाशी उठन.”

तू त्यांच्या नाकांची रुंदी मोजलीस, डोक्यांचा घेर मोजलास. मडक्यात काही डोकावला नाहीस. मला तुझा राग येतो आणि तुझी बहीण म्हणवून घ्यायची लाजही वाटते.

दर श्रावणात इथं स्वस्त धान्याची गाडी यायची. यंदा आली नाही, म्हणून मी गडचिरोलीला जाऊन तहसीलदारसाहेबांना भेटले. त्यांच्या टेबलावर तुझा लेख. म्हणाले, “तुमचे बंधूच लिहितात, यांना लागतंच कमी. गाडी दुसरीकडे पाठवली.” मोठ्या कौतुकानं बोलले, मला चहाही पाजला.

गाडी नाही म्हटल्यावर गाव रानातल्या कडू कांद्यांवर, म्हणजे विषारी कंदांवर, आलं. ते चिरून वाहत्या नाल्यात ठेवतात, विष पुरतं निघून गेलं की मगच खातात. सोमारीची लेकरं भुकेनं रडत होती. तिनं कांदे लवकर काढले, उकळले आणि लेकरांना देण्याआधी स्वतः खाऊन पाहिले.

लेकरं वाचली. सोमारी गेली.

मंगरू म्हणाला, “भाऊले लिहू नका, बाई. आमच्या घरी जेवला तो. त्याले वाईट वाटन.” त्याच्या शब्दाखातर इतके दिवस गप्प बसले. पण गाडी अजून नाही, आणि नाल्यात घराघरांचे कांदे पडलेले आहेत.

साहेबांना माझं पटत नाही, मंगरूला तर ते दारातही उभं करत नाहीत. तुझं पटतं. तेव्हा जिथं ते वाक्य छापलंस तिथंच, तुझ्या नावानिशी छाप, की ही माणसं उपाशी आहेत. छापून येईपर्यंत इकडे फिरकू नकोस. तू आलास तर मंगरू तुला पुन्हा पोटभर वाढेल, आणि ते मला बघवणार नाही.

सोमारीची शेजारीण आणि तुझी बहीण,
इंदू