राऊटरला चार आठ दिले त्याची हकीकत

तासगाव, सोमवार

तीर्थरूप लालासाहेब दादांस, धाकट्या मनूनं वाकून केलेला नमस्कार पोचावा. तुमचा गुडघा कसा हाय? डॉक्टरनं जिना चढू नका म्हणलंय तर चढू नका, विश्रामबागेत गच्चीवर काय द्राक्षं लावल्यात व्हय तुमी? वैनींना नमस्कार. आमी समदे बरे. फोनच करणार होते, पण फोनवर तुमी मला बोलू देत न्हाई. पत्रात मधी तोंड घालता येत न्हाई, म्हणून पत्र.

तर दादा, आमच्या राऊटरचं डीएनएस मी बदललं. मी. चौथी शिकलेल्या मनूनं. तुमी मिल्ट्रीत बावीस वर्षं सिग्नलला होता, तरी परवा काय म्हणालात? "त्यातलं तुला काय कळतंय, माणूस बोलाव." न्हाई बोलावला.

झालं असं. आमच्या क्रांतीच्या नर्सिंगच्या फॉर्मची मुदत शनिवारी पाचला संपत होती. फॉर्म चुकला की वर्ष गेलं, आन तिच्या आत्या स्थळांचे फोटो घेऊन टपूनच बसल्यात. नेमकी तीच साइट उघडंना. व्हॉट्सअॅप चालतंय, ह्यांच्या कुस्त्या चालत्यात, पण फॉर्म न्हाई. (बेदाण्याच्या शेडमागं आमच्या घरात मोबाइलला रेंज न्हाई, खिडकीत तेवढी येतीया, म्हणून तर ते सिमचं राऊटर तिथं टांगलंय.) पोरगी रडाय लागली. मी व्हॉट्सअॅपवरनं स्टँडजवळच्या मोबाइल दुकानवाल्या जाफरभाईला फोन लावला. तो म्हणाला, "वैनी, तुमचं राऊटर साइटचा पत्ता ज्याला विचारतंय त्यालाच पत्ता म्हाईत न्हाई. त्याला दुसरा माणूस द्या. राऊटरच्या पानावर जाऊन डीएनएसच्या रकान्यात चार वेळा आठ घाला, मधी टिंब." एवढंच! एसटीत चुकीच्या माणसाला गाव विचारलं तर आपण दुसऱ्याला विचारतोच की. ह्याला इंजिनेर कशाला पायजे?

पण त्या पानावर जायला पासवर्ड लागतोय, आन तो राऊटरच्या बुडाला चिकटवलेला. खंडेनवमीला ट्रॅक्टर, फवारणीचा पंप, वजनकाटा यांच्याबरोबर मी राऊटरलाबी पुजलं होतं. (ह्या घरात सगळ्यात जास्त तेच राबतंय.) तवा उलटं धरलं होतं, हळदकुंकू बरोबर पासवर्डावर. ओल्या पदरानं पुसलं तर आणखी लाल. आठ आकड्यांतले सात दिसत होते, शेवटचा देवाला ठाऊक.

हे म्हणाले, "तू हात लावू नगंस, हाय तेबी बंद पडंल." म्हणलं, तुमी चहा करा. आन मी बसले. शेवटी शून्य घातलं, न्हाई. एक, न्हाई. पाच वेळा चुकल्यावर ते पानच बंद, पाच मिनिटं थांबा म्हणालं. दादा, मी! चहाला उकळी येईस्तोवर न थांबणारी मी पाच मिनिटं गप बसले. तुमच्या बावीस वर्षांपेक्षा ती मोठी नोकरी. मग पाच, सहा, सात, आठ, आन नऊला दार उघडलं! चार आठ घातले, सेव्ह दाबलं, राऊटर बंद करून चालू केलं. साइट उघडली तवा चार पस्तीस झाले होते.

क्रांती घाईत आपलंच नाव दोनदा चुकली. म्हणलं, सर बाजूला. तिनं सांगितलं आन मी भरलं, फोटोसुद्धा मीच चढवला, चार छप्पन्नला फॉर्म गेला. ह्यांनी चहा आणला. साखर विसरले होते, तरी मी तसाच प्याले, एवढी खूश होते. आता गल्लीत हे सांगत हिंडत्यात की टावर आपोआप सुधारला. सांगू दे. तुमी मात्र खरं काय ते ध्यानात ठेवा.

तुमची, कुणालाबी न बोलावलेली,
मनू

ता. क. फोटो माझ्या फोनमधनं चढवला. घाईत क्रांतीच्या जागी माझाच गेलाय, स्वप्नालीच्या लग्नातला, नथीतला. काल पावती बघितली तवा कळलं. दुरुस्तीचं हापिस तुमच्याच विश्रामबागेत हाय, शुक्रवारपर्यंत चालतंय म्हणे. क्रांतीचा फोटो आन सहीचा अर्ज पाकिटात घातलाय. मेडलं लावून जा, लवकर आत सोडत्यात. पत्र ह्यांच्याच हाती पाठवते, त्यांना यातलं काय म्हाईत न्हाई. पाकीट फोडलेलं दिसलं तर मला कळवा.

दुसरा ता. क. पोरीला काय बोलू नका. माझा फोटो बघून ती रडली न्हाई, हसली. आन साहेब म्हणाला की नथवालीच बरी दिसतीया, तर त्याला सांगा, नर्सिंगला यायला मी येत्या सोमवारपासनं मोकळी हाय.