मागं सारलेला अर्धा तास

आये, काल इंदापूरच्या बाजारात आपल्या साळंचं गुरुजी दिसलं. डोईचं क्यास पार पांढरं झाल्यात. मी मावशीच्या मागं लपले. सहा वर्सं झाली तुला जाऊन. तवापास्नं मी हितं मावशीकडंच ऱ्हाते, आन तिला बी जे कदी सांगितलं न्हाय ते तुला सांगायचं हाय.

त्यो दिस म्हंजे माजा साळंचा शेवटचा. मावशीला पोर झाल्यालं, ते सांभाळाय मला दुसऱ्या दिशी हिकडं धाडायचं ठरल्यालं. सकाळी तू माजी येनी घालतीस, क्यास वढून वढून, आन म्हंतीस, "आज पोटभर शिकून घे बाय. उद्यापास्नं मावशीच्या पोराचं हागमूत, तीच तुजी साळा." मी हसत न्हाय. तू म्हंतीस, "त्वांड बगा कसं केलंय, जनू सासरीच निघाली." मग खोरं घिऊन तू चारीवर जातीस. पाटाचं पानी सुटायच्या आदी चारीतला गाळ काढायचा, घरटी एक मानूस. दादाचा पाय सुजल्याला, म्हून तू.

गावात घड्याळ एकच, साळंतलं. चारला गुरुजी साळा सुटायचा टोल द्यायचं, त्यो ऐकून समद्यांनी चारीतनं वर यायचं, आन साडेचारला पाटकऱ्यानं दार उचलून पानी सोडायचं, आसं ठरल्यालं. हे मला ठाव व्हतं. घड्याळाला किल्ली द्यायचं काम गुरुजींनी माज्याकडं दिल्यालं, वर्गात गप बसनारी मी येकलीच म्हून. दुपारी गुरुजी हिरीवर पानी प्याया गेलं. मी खुर्चीवर चढले आन काटा अर्धा तास मागं सारला. साळा लवकर सुटू नये, येवढंच. चारीचं मनात आलं न्हाय आसं न्हाय. पर मला वाटलं, साळंचं घड्याळ मागं सारलं की समद्यांचाच येळ मागं जातोय, पाटकऱ्याचा बी.

मग गुरुजींनी घड्याळाकडं बगितलं आन म्हनलं, "अजून वेळ आहे. तुझा शेवटचा दिवस ना? ऊठ, तू वाच." मुंग्यांच्या वारुळाचा धडा व्हता. चार वर्सांत मी वर्गात मोठ्यानं काय वाचल्यालं न्हवतं. त्या दिशी वाचलं, सबंध धडा, कुठं बी न अडता. गुरुजी म्हनलं, "अगं, आवाज आहे की तुला. आजवर कुठं ठेवला होतास?" समदी हसली. मी बी हसले.

चारचा टोल पडला आन चारीकडनं बायांचा वरडा येकदमच ऐकू आला. बाकीच्या काठाला धरून वर आल्या. तू सडकंखालच्या मोरीत व्हतीस. अंगानं बारीक म्हून गाळ काढाय तुलाच आत घालायच्या. पानी मागनं आलं. तितं तुला वळाय बी जागा न्हवती.

दुसऱ्या दिशी चावडीवर पाटकरी, त्यो परगावचा, म्हनला, "माजं घड्याळ बारामतीच्या टेशनाशी मिळवल्यालं हाय. मास्तरला डुलकी लागली आसंल." गुरुजी म्हनलं, "घड्याळ मागं पडलं होतं. माझं लक्ष नव्हतं." आन त्यांनी माज्याकडं बगितलं. जरा येळ बगितलं, मग मान खाली घातली. मी दादाचा सदरा धरून उबी व्हते. त्वांड उघडलं न्हाय. गुरुजींची बदली झाली. गावात त्येंना अजून डुलक्या मास्तर म्हंत्यात. दादा तर नाव निघालं की थुकतो.

काल गुरुजींनी मला हेरलंच. जवळ आलं, मावशीला रामराम केला, मग मला म्हनलं, "वाचतेस का गं अजून?" घड्याळाचं कायबी न्हाय, येवढंच. मी न्हाय म्हून मान हालवली. ती बी लबाडीच, वान्याच्या पुड्यांचं कागद सुदीक मी वाचून काढते.

तुला वाचाय येत न्हवतं. दादाला येतं, म्हून ह्यो कागद गावाकडं जायचा न्हाय. समदं लिवलं, पर येक ऱ्हायलंय. त्यो धडा वाचताना तू मनात बी न्हवतीस आये, आन मला लई बरं वाटत व्हतं. अजून बी त्यो आठवला की आदी बरंच वाटतं. मग तू आठवतीस.