शेवटच्या गोळ्याने पुसलेली परात

ती. आईस, लांबूनच वाकून नमस्कार.

मी मजेत आहे, वेळेवर जेवते. बाबा गुडघ्याला तेल लावून घेतात का?

आमची छोटी फिल्म पुरी झाली. देश सोडून आलेली माणसं इथे रोज एकत्र रांधतात, जेवतात, तिकडच्या सरकारला नावं ठेवतात. त्यांच्याकडे एवढ्यावरून तुरुंगात टाकतात. स्वयंपाक करणाऱ्या मावशींचा चेहरा आम्ही दाखवला नाही, कारण त्यांची आई अजून तिकडेच आहे. फक्त कणीक मळणारे हात दिसतात. शेवटच्या गोळ्याने त्यांनी परात लख्ख पुसली, अगदी तू पुसतेस तशी. म्हणाल्या, "आई एवढ्यावरून ओळखेल मला."

आपलं नशीब थोर गं. सोबत माझा फोटो पाठवतेय. डोळ्यांखाली काळं दिसतंय तो दिव्याचा दोष, पण चेहरा अख्खा आहे.

तुझी धाकटी