खरवडलेला चेहरा

कल्याण, एप्रिल १९४९

प्रिय दादा,

हे पत्र तुला मिळणार नाही. लिहून झालं की चुलीत जाईल. तुझा पत्ता मला ठाऊक नाही, आणि कुणालाच ठाऊक नसावा हेच बरं.

संपानंतर पोलीस तुला मुंबईभर शोधत होते आणि तू इथे ठाण्याच्या खाडीवर मीठ ओढत होतास! मी मिठागराची फिल्म घेत होते आणि तू अचानक कॅमेऱ्यासमोर आलास. मी थांबायला हवं होतं. हात थांबला नाही रे.

मग दाखवायच्या प्रतीवरच्या एकेका चित्रातून तुझा चेहरा सुईने खरवडून काढला. काल वाचनालयात ती दाखवली, तर चेहऱ्याच्या जागी थरथरणारा पांढरा डाग लोकांना नवी कला वाटली. टाळ्या पडल्या. फक्त मागे बसलेल्या फौजदाराने वाजवल्या नाहीत. जाताना म्हणाला, "बाई, मूळ निगेटिव्ह न्यायला उद्या दहाला माणूस पाठवतो."

त्या निगेटिव्हवर तुझा चेहरा शाबूत आहे. मी सकाळीच चूल पेटवली. आई म्हणाली, "जाळण्याआधी एकदा बघू दे गं मला त्याला." मी पट्टी खिडकीच्या उजेडात धरली. निगेटिव्हमध्ये काळ्याचं पांढरं दिसतं, हे तिला कुठून ठाऊक असणार?

"केस सगळे पिकले गं त्याचे," ती म्हणाली.

तेव्हापासून ती पट्टी पदरात घट्ट धरून बसली आहे. साडेनऊ वाजून गेले. तिच्या हातातून ती ओढून घ्यायला मी धजत नाही.

तुझी,
नीला